डबा टीव्हीपासून गेम मोडपर्यंत : नगर जिल्ह्यातील पडदा आणि खेळातला उशीर

टीव्हीवर व्हिडिओ गेम खेळताना बटण दाबल्यापासून पडद्यावरचे पात्र हलेपर्यंत थोडा वेळ जातो. खेळणारे त्याला ‘लॅग’ म्हणतात. हा वेळ काही कंट्रोलरमध्ये, काही खेळाच्या यंत्रात आणि काही खुद्द टीव्हीत जातो. टीव्हीच्या वाट्याचा उशीर गेल्या चाळीस वर्षांत आधी जवळजवळ शून्य होता, मग बराच वाढला आणि अलीकडे पुन्हा कमी होत आला. अहिल्यानगर जिल्ह्यातील, म्हणजे 2024 पर्यंतच्या अहमदनगरमधील, घराघरांतले टीव्ही संच याच वळणांनी बदलत गेले.

मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले आणि पुढच्या वर्षी सिंहगडावरच्या केंद्रामुळे पुण्यात चित्र दिसू लागले. लहान शहरांना मात्र 1980 च्या दशकाची वाट पाहावी लागली. 1982 मध्ये रंगीत प्रसारण आले आणि 1984 मध्ये सरकारने देशभर लघुशक्ती प्रक्षेपकांचे जाळे इतक्या वेगाने विणले, की काही महिने रोज एका ठिकाणी नवा प्रक्षेपक सुरू होत होता. त्यानंतर तालुक्याच्या गावांत छपरांवर अँटेना दिसू लागल्या. प्रवरानगरच्या सहकारी साखर कारखान्यापासून ज्या जिल्ह्यात सहकाराची परंपरा रुजली, तिथे उसाचे पैसे हाती येण्याचा काळ आणि दसरा-दिवाळी हाच टीव्ही खरेदीचाही हंगाम होता. पहिले संच बहुतेक कृष्णधवल आणि लाकडी कपाटाचे असत. विजेचा दाब कमी झाला की त्यांचे चित्र चारही बाजूंनी आक्रसे, म्हणून टीव्हीसोबत स्टॅबिलायझर घेणे हा खरेदीचाच भाग होता.

हा जिल्हा दोन टीव्ही उत्पादक पट्ट्यांच्या मधोमध आहे, ही गोष्ट सहसा कुणाच्या लक्षात येत नाही. शेवगाव तालुक्यापलीकडे गोदावरी ओलांडली की पैठण येते. त्या पैठणहून तेव्हाच्या औरंगाबादकडे जाणाऱ्या रस्त्यावर चितेगाव आहे. गंगापूरच्या साखर कारखान्यातून उद्योगात आलेल्या धूत कुटुंबाने तिथे व्हिडिओकॉनचा कारखाना उभारला आणि 1980 च्या दशकाच्या उत्तरार्धात जपानी तोशिबाच्या तंत्रसाहाय्याने रंगीत संच बनवायला सुरुवात केली. दुसऱ्या बाजूला, पारनेर-श्रीगोंद्याच्या हद्दीपलीकडे, पुणे-नगर महामार्गावर रांजणगाव आहे. 2000 नंतरच्या दशकात तिथल्या औद्योगिक वसाहतीत एलजी आणि हायर या कंपन्या आल्या. चितेगावचा व्हिडिओकॉन हा पिक्चर ट्यूबच्या काळाचा कारखाना होता, तर रांजणगावला पुढे सपाट पडद्यांचे काम चालले. खेळातल्या उशिराची गोष्टही या दोन काळांमधलीच आहे.

पिक्चर ट्यूबच्या संचाला, म्हणजे आजच्या भाषेत ‘डबा टीव्ही’ला, चित्र साठवायला जागाच नव्हती. येणारा संकेत जसा येई तसा इलेक्ट्रॉनांचा झोत पडद्यावर फिरे. भारतात वापरली जाणारी पाल पद्धत 625 रेषांची. दर सेकंदाला 50 वेळा झोत वरून खाली येई आणि एक रेषा 64 मायक्रोसेकंदांत काढून होई. यंत्रातून निघालेली रेषा त्याच क्षणी काचेवर उजळत असल्याने टीव्हीने स्वतःहून घातलेला उशीर मोजण्याइतकाही नसे. उरे ती फक्त झोत पडद्याच्या त्या भागापर्यंत पोहोचण्याची वाट, म्हणजे फार तर 20 मिलिसेकंद.

या गुणाचा सर्वांत चोख पुरावा म्हणजे प्रकाशबंदुकीचा खेळ. निन्टेंडोच्या ‘डक हंट’मध्ये घोडा दाबताच पडदा क्षणभर काळा होतो आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो. बंदुकीच्या नळीतला प्रकाशसंवेदक तो चौकोन दिसतो का एवढेच पाहतो, आणि नेमका त्याच क्षणी तो दिसावा अशी यंत्राची अपेक्षा असते. चौकोन थोडाही उशिरा उमटला तर अचूक नेमदेखील हुकलेला ठरतो. म्हणूनच जुनी बंदूक आजच्या एलईडी टीव्हीसमोर निकामी आहे, आणि त्यात बंदुकीचा काही दोष नाही.

भारतात हे खेळ पोहोचले ते मुख्यतः निन्टेंडोच्या यंत्राच्या नकलांमधून. मूळ यंत्र जपानमध्ये 1983 मध्ये आले. भारतात ‘समुराई’ आणि मीडिया कंपनीचे ‘लिटल मास्टर’ ही नावे 1990 च्या दशकात घरोघर ओळखीची झाली, आणि त्यांच्या मागोमाग ‘टर्मिनेटर’सारखी आणखी स्वस्त चिनी यंत्रे आली. शॉ वॉलेसने सेगाची यंत्रे अधिकृतपणे आणली होती, पण सामान्य घरात शिरली ती पिवळ्या-लाल कॅसेटची नक्कल यंत्रेच. मारिओ आणि कॉन्ट्रा हे खेळ मराठी मुलांना याच कॅसेटींनी दिले. त्यांतली अनेक यंत्रे पाल पद्धतीला जुळवल्यामुळे सेकंदाला 60 ऐवजी 50 चित्रे काढत, त्यामुळे खेळ आणि त्याचे संगीत मूळ जपानी वेगापेक्षा सहाव्या हिश्श्याने संथ चाले. इथल्या मुलांनी मारिओचा तोच वेग खरा मानला आणि हातही त्याच वेगाला बसवले.

त्या काळी खेळासाठी टीव्ही ‘सेट करणे’ म्हणजे उशीर कमी करणे नव्हतेच, मुळात चित्र आणणे हीच कसोटी होती. यंत्राची तार अँटेनाच्या जागी लावायची आणि टीव्हीवरचे एक रिकामे चॅनेल ट्यूनिंगच्या बारीक चाकाने हळूहळू फिरवत न्यायचे. मुंग्यांमधून आधी करडी आकृती दिसे, मग रंग येई आणि शेवटी आवाज. चित्र आले पण आवाजाच्या जागी नुसती खरखर, हा अनुभव सर्रास होता आणि त्याचे कारण साधे होते. भारतीय टीव्हीत आवाजाची वाहक लहर चित्रापासून 5.5 मेगाहर्ट्झवर अपेक्षित असते, तर चीनच्या बाजारासाठी बनलेले यंत्र ती 6.5 मेगाहर्ट्झवर सोडते. अमेरिकी पद्धतीचे यंत्र हाती पडले तर चित्र रंग गमावे किंवा वरखाली घसरत राही. गल्लीतला टीव्ही मेकॅनिक हे सगळे जाणून होता. संचाचे मागचे झाकण काढून तो ते दुरुस्तही करी, आणि त्या कौशल्याची आज पुरेशी कदर होत नाही. पुढे व्हीसीआरमुळे टीव्हीला एव्ही इनपुट आले. पिवळ्या आणि पांढऱ्या पिनांनी चित्र-आवाज सरळ आत जाऊ लागले आणि ट्यूनिंगची कटकट संपली.

ज्यांच्या घरी यंत्र नव्हते त्यांच्यासाठी पार्लर होते. महाराष्ट्रातल्या इतर गावांप्रमाणे इथेही एका खोलीत तीन-चार रंगीत टीव्ही, समोर बाके आणि तासावर पैसे अशी मांडणी असे. राज्यात व्हिडिओ गेमवर करमणूक शुल्क होते आणि ते 1 जुलै 2017 रोजी जीएसटी येईपर्यंत टिकले. 2000 नंतर कॅसेटची जागा प्लेस्टेशन आणि प्लेस्टेशन 2 यांनी घेतली, पण पडदा डबा टीव्हीचाच राहिला. ग्रामीण भागातल्या भारनियमनाने खेळात खंड पडे. बटण आणि पडदा यांच्यामध्ये मात्र काहीच नसे.

बटण आणि पडद्याची ही थेट जोडणी पहिल्यांदा तुटली ती ट्यूबच्याच काळात. चित्राची लुकलुक घालवण्यासाठी महागड्या संचांत 100 हर्ट्झची सोय आली. प्रत्येक चित्र दोनदा दाखवायचे तर ते आधी स्मृतीत साठवावे लागते, आणि चित्र साठवले की उशीर आलाच. असे संच थोड्याच घरांत होते. तडाखा बसला तो एलसीडी आणि नंतर एलईडी पडद्यांमुळे. 2010 च्या आसपास जिल्ह्यातल्या दुकानांतून डबा टीव्ही झपाट्याने मागे पडला आणि दशकाच्या अखेरीस व्हिडिओकॉनही कर्जात बुडाली. 2018 मध्ये तिच्यावर दिवाळखोरीची कारवाई सुरू झाली.

सपाट पडद्यावर ठरावीक ठिपक्यांची जाळी असते. जुन्या यंत्राचे 576 रेषांचे चित्र 768 किंवा 1080 ओळींच्या जाळीवर बसवायचे तर ते ताणावे लागते. त्याआधी एकाआड एक रेषांचे अर्धे चित्र पुढच्या अर्ध्या चित्राशी जोडावे लागते, आणि ते पुढचे अर्धे येईपर्यंत टीव्हीला थांबावेच लागते. त्यावर कणकण घालवणे, रंग भडक करणे, हालचाल गुळगुळीत करण्यासाठी दोन चित्रांच्या मध्ये तिसरे कल्पनेने भरणे अशा क्रियांची भर पडते. मालिका पाहताना आवाजालाही तेवढेच मागे ठेवले की कुणाला काही कळत नाही. खेळात मात्र हात आधी आणि चित्र मागाहून अशी गत होते. त्या काळातल्या अनेक संचांत हा उशीर 100 मिलिसेकंदांच्या पुढे जाई. पिवळ्या पिनेने जोडलेले प्लेस्टेशन 2 या त्रासाला सर्वांत जास्त बळी पडले, कारण त्याच्या चित्रावर वरच्या सगळ्याच प्रक्रिया कराव्या लागत. ज्या मुलांना आपला हात बिघडला असे वाटले, त्यांचा हात शाबूतच होता.

कंपन्यांनी यावर ‘गेम मोड’ आणला. हा मोड चित्रावरच्या बहुतेक प्रक्रिया बंद करतो आणि आलेले चित्र शक्य तितक्या लवकर पडद्यावर सोडतो. बरा संच या स्थितीत 60 हर्ट्झला 10 ते 20 मिलिसेकंदांत चित्र दाखवतो. मोड लावूनही जड वाटत असेल तर हालचाल गुळगुळीत करणारी सोय वेगळी शोधून बंद करावी लागते. ती एलजीत ट्रूमोशन, सोनीत मोशनफ्लो आणि सॅमसंगमध्ये ऑटो मोशन प्लस या नावाने असते. काही जुन्या संचांत एचडीएमआय इनपुटला ‘पीसी’ हे नाव दिले की तोच फायदा मिळतो. यंत्र सेट-टॉप बॉक्स किंवा इतर उपकरणातून फिरवून न आणता सरळ टीव्हीला जोडणे, आणि आवाज ब्लूटूथ स्पीकरऐवजी टीव्हीतून किंवा तारेने घेणे, ही इतर कामे. ब्लूटूथवरचा आवाज चित्राच्या मागे राहतो आणि चित्र वेळेवर असूनही खेळ आळशी वाटतो. गेम मोड कारखान्यातून बहुधा बंदच येतो आणि विक्रेताही त्याबद्दल क्वचितच सांगतो. म्हणून आजही अनेक घरांत चांगला संच विनाकारण संथ चालतो.

नोव्हेंबर 2017 मध्ये जाहीर झालेल्या एचडीएमआय 2.1 ने पुढची पायरी गाठली. त्यात यंत्र सुरू होताच टीव्ही आपोआप गेम मोडमध्ये जाण्याची सोय आहे, आणि खेळाचा वेग कमी-जास्त झाला तरी पडदा त्याच्या तालाने चालण्याची सोयही आहे. प्लेस्टेशन 5 भारतात 2 फेब्रुवारी 2021 रोजी आले आणि त्यात ही दुसरी सोय 2022 मध्ये सुरू झाली. सेकंदाला 120 चित्रे दाखवणारा पडदा असेल तर एका चित्राचा वेळ 16.7 वरून 8.3 मिलिसेकंदांवर येतो आणि टीव्हीचा उशीर काही संचांत 5 मिलिसेकंदांच्या आसपास उतरतो. 4के चित्र या वेगाने हवे असेल तर 48 गिगाबिटची केबल लागते आणि टीव्हीच्या योग्य खाचेतच ती लावावी लागते, कारण अनेक संचांत चारपैकी एक किंवा दोनच खाचा या वेगाच्या असतात. मध्यम किमतीच्या 43 इंची संचांचे पडदे बहुतांशी 60 हर्ट्झचेच आहेत, त्यामुळे त्यांच्या बाबतीत गेम मोड हाच मुख्य उपाय आहे. इंटरनेटवरून दुसऱ्याशी खेळताना सर्व्हरपर्यंत जाऊन येण्याचा जो वेळ लागतो, तो टीव्हीच्या कोणत्याही मोडने कमी होत नाही. त्यासाठी यंत्र वायफायऐवजी तारेने राऊटरला जोडावे लागते, आणि उरलेला उशीर सर्व्हर किती दूर आहे त्यावर ठरतो.