हिदायतुल्ला यांची तीन वर्तुळे आणि लाखांदूरची रेती

भंडारा जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला लाखांदूर तालुका आहे. धानाची शेती, चुलबंद आणि वैनगंगा या नद्या, आणि नदीपात्रातली रेती. अशा भागात 'एमपीडीए लागला' म्हणजे काय, हे आता समजावून सांगावे लागत नाही. महाराष्ट्राचा १९८१ चा हा कायदा मुळात झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले आणि अमली पदार्थांचे गुन्हेगार यांच्यासाठी होता. पुढे त्यात 'धोकादायक व्यक्ती' आल्या, मग वाळूतस्कर आले. गुन्हा सिद्ध होण्याची गरज नाही. जिल्हाधिकाऱ्यांची खात्री पटली आणि सरकारने शिक्कामोर्तब केले की माणूस वर्षभरापर्यंत स्थानबद्ध.

मग अशा माणसाच्या हाती उरते काय? बरेचसे उरते, आणि त्यातला मोठा वाटा नागपूरच्या एका मुस्लिम वकिलाचा आहे.

मुहम्मद हिदायतुल्ला यांचे शालेय शिक्षण रायपूरला झाले. नंतर नागपूरचे मॉरिस कॉलेज आणि केंब्रिज. वकिली नागपूरला. १९४६ मध्ये ते नागपूर उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले आणि १९५४ मध्ये मुख्य न्यायमूर्ती. १९५६ ची राज्य पुनर्रचना होईपर्यंत भंडारा जिल्हा याच न्यायालयाखाली होता. आपल्याकडे त्यांचे नाव निघते ते बहुधा 'पहिले मुस्लिम सरन्यायाधीश' म्हणून. हा अभिमान ठीक, पण त्यांनी लिहिले काय हे आपल्यातले फार थोडे वाचतात.

त्यांचा या विषयावरचा महत्त्वाचा निकाल ७ सप्टेंबर १९६५ चा आहे. पाकिस्तानशी युद्ध पेटलेले होते. १९६२ मध्ये चीनच्या आक्रमणाच्या वेळी लागू झालेली आणीबाणी अजून उठली नव्हती. भारत संरक्षण कायद्याखाली अटकेत असलेल्याला कलम २१ आणि २२ चा आधार घेऊन कोर्टात जाता येणार नाही, असा राष्ट्रपतींचा आदेश होता. अशा वेळी डॉ. राममनोहर लोहिया यांना पाटण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांनी स्थानबद्ध केले होते. आदेशात कारण लिहिले होते 'कायदा व सुव्यवस्था'. नियमात मात्र शब्द होता 'सार्वजनिक सुव्यवस्था'.

एका शब्दाच्या फरकावर माणूस सोडायचा, आणि तोही युद्धात? सरकारला हा कीस काढण्याचा प्रकार वाटला असेल. न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांना तसे वाटले नाही. त्यांनी एकात एक अशी तीन वर्तुळे कल्पिली. सर्वांत मोठे कायदा व सुव्यवस्थेचे, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचे, आणि सर्वांत आत राज्याच्या सुरक्षिततेचे. बाहेरच्या वर्तुळात घडलेली गोष्ट आतल्या वर्तुळाला स्पर्श करतेच असे नाही. आदेश नियमाच्या चौकटीतच बसत नसेल, तर राष्ट्रपतींच्या आदेशाचे कवचही त्याला मिळत नाही. लोहिया सुटले.

त्या निकालातले उदाहरण आपण नीट वाचावे असे आहे. दारूच्या नशेत दोघे भांडले, मारामारी झाली, तर तो कायदा व सुव्यवस्थेचा प्रश्न. त्यांना साध्या फौजदारी कायद्याने आवरता येते, स्थानबद्ध करता येत नाही. आता समजा, ते दोघे परस्परविरोधी समाजांतले आहेत आणि त्यांच्यातला एक जातीय भावना भडकवू पाहतो आहे. मग सार्वजनिक सुव्यवस्था बिघडण्याची भीती उभी राहते. माझ्या मते इथे 'आणि' हा शब्द सर्वांत मोलाचा आहे. दोघांची नावे वेगवेगळ्या धर्मांची असणे पुरेसे नाही. कुणीतरी पेटवू पाहिले पाहिजे. नाव वाचूनच ज्याला गल्लीतल्या भांडणात दंगल दिसते, त्याने वाक्याचा अर्धाच भाग वाचलेला असतो.

पुढे सरन्यायाधीश असताना, अरुण घोष प्रकरणात, त्यांनी कसोटी आणखी स्पष्ट केली. कृत्य किती वाईट होते एवढेच पाहायचे नाही. त्याने समाजाच्या नेहमीच्या जगण्याची लय ढळली का, ते पाहायचे.

ही वाट नेहमीच मोकळी राहिली असे नाही. १९७५ च्या आणीबाणीत राष्ट्रपतींचा आदेश अधिक कडक शब्दांत निघाला. तरीही नागपूर खंडपीठासह नऊ उच्च न्यायालयांनी दार पूर्ण बंद केले नाही. सर्वोच्च न्यायालयाने ते २८ एप्रिल १९७६ रोजी बंद केले, चार विरुद्ध एक मतांनी. त्या चारांत न्यायमूर्ती मिर्झा हमीदुल्ला बेग होते. विरोधात एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना, आणि त्यांना डावलून पुढे बेग सरन्यायाधीश झाले. न्यायाधीशाच्या नावावरून निकाल ओळखणाऱ्यांनी हिदायतुल्ला आणि बेग दोघेही वाचावेत. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने कलम २१ आणीबाणीतही स्थगित करता येणार नाही असे ठरले, आणि २०१७ मध्ये पुट्टस्वामी निकालाने १९७६ चा निकाल रद्द ठरवला.

आता रेतीकडे येऊ. रेतीचोरी गुन्हा आहे, नदीचा गळा घोटणारा गुन्हा आहे. त्यासाठी फौजदारी खटला आहे, महसूल खात्याचा दंड आहे, वाहनजप्ती आहे. पण रात्री ट्रॅक्टर भरून नेला एवढ्याने मधले वर्तुळ ओलांडले जात नाही. तलाठ्याच्या अंगावर ट्रॅक्टर घातला, साक्षीदारांना धमकावले, गाव तोंड उघडायला घाबरू लागले, तर गोष्ट वेगळी. आदेशात हे दाखवावे लागते.

तारखाही मोजाव्यात. अटकेची कारणे ५ दिवसांत मिळाली पाहिजेत. १२ दिवसांत राज्य सरकारची मंजुरी हवी. ३ आठवड्यांत प्रकरण सल्लागार मंडळापुढे गेले पाहिजे आणि मंडळाचा अहवाल ७ आठवड्यांत यायला हवा. मंडळापुढे वकील देण्याचा हक्क नाही, म्हणून लेखी निवेदनाला फार महत्त्व आहे. आणि निवेदन लिहायचे तर कारणे कळली पाहिजेत. हरिकिसन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १९६२ च्या प्रकरणात इंग्रजी न येणाऱ्या माणसाला १४ पानांची इंग्रजी कारणे दिली होती आणि ती तोंडी समजावल्याचे सरकारने सांगितले. सर्वोच्च न्यायालयाने त्याला सोडले. त्याला समजणाऱ्या भाषेत आणि लिपीत कागद द्यायला हवा होता. ज्याला फक्त उर्दू वाचता येते, त्याच्या घरच्यांनी पहिल्याच दिवशी उर्दू प्रत लेखी मागावी आणि अर्जाची पोच घ्यावी.