हातात आलेली मंगलाष्टके

तुळशीचे लग्न लागले की मराठीच्या अध्यापकांकडे एक काम न चुकता येते. कुणी सहकारी, कुणी माजी विद्यार्थी दारात उभा राहतो आणि म्हणतो, "सर, घरचे कार्य आहे. चार मंगलाष्टके रचून द्या, सोमवारी छापायला टाकायची आहेत." आम्ही दोघेही हे काम वर्षानुवर्षे करीत आलो. त्यास वाङ्मय म्हणावे असे आमच्या मनात कधी आले नाही. आमच्या आधी विभागात असलेल्या प्राध्यापकांनी निवृत्त होताना एक जाडजूड फाइल आमच्या स्वाधीन केली, तेव्हा मात्र आम्ही थबकलो. तीत निरनिराळ्या लग्नांत वाटलेली छापील मंगलाष्टके होती. काही तर स्वातंत्र्याच्याही आधीची.

हे कागद वाचकांपैकी अनेकांनी पाहिले असतील. गुलाबी नाहीतर पिवळा पातळ कागद, भोवती वेलबुट्टीची चौकट, वर गणपतीचा किंवा कलशाचा ठोकळा, खाली लाल शाईत वधूवरांची नावे, आणि मग आठ-दहा श्लोक. शेवटी रचणाराचे नाव, कधी नुसतेच 'मित्रमंडळी' किंवा 'वधूची आत्या'. मांडवाच्या दारात अक्षतांच्या तबकाबरोबर हा कागद वाटला जाई. लग्नपत्रिका घरी येते आणि कपाटावर काही दिवस राहते; या कागदाचे आयुष्य मात्र बहुधा पंगतीपर्यंतचेच. म्हणूनच ग्रंथालयांनी तो जपला नाही आणि वाङ्मयेतिहासानेही त्याची दखल घेतली नाही.

तरीही या चतकोर कागदाने एक मोठी गोष्ट घडवली, असे आम्हांस वाटते. अंतरपाटाच्या दोन बाजूंना वधूवर उभे असताना म्हटले जाणारे शब्द पूर्वी पुरोहिताच्या मुखात असत. जमलेल्यांचे काम 'सावधान' ऐकू आले की अक्षता टाकण्याचे. संस्कृत श्लोकांचा अर्थ थोड्यांनाच कळे, आणि तो कळावा अशी अपेक्षाही नसे. शब्द ज्याच्या स्मरणात, विधी त्याच्या ताब्यात, अशी ही व्यवस्था होती. छपाईने ते शब्द पाहुण्यांच्या हातात आणून ठेवले.

धर्मकार्यात छापील कागद सहजासहजी शिरला नाही. मुंबईत गणपत कृष्णाजी यांनी १८३१ साली शिळाप्रेसवर मराठी पंचांग छापले, तेव्हा शाईत चरबी असेल या शंकेने सोवळ्यातील मंडळी त्यास शिवेनात. म्हणून त्यांनी शाईत तूप वापरले, असे सांगतात. पुढे जावजी दादाजींच्या निर्णयसागर छापखान्याने (स्थापना १८६९) देवनागरी खिळ्यांना असे रूप दिले की शास्त्री-पंडितांनाही त्या छपाईची गोडी लागली. पंचांग, पोथी, स्तोत्र अशा पायऱ्यांनी छापील अक्षर देवघरात आले. विसाव्या शतकात तालुक्याच्या गावी पायाने चालवायचे ट्रेडल यंत्र पोहोचले आणि ते लग्नमंडपातही आले. शाळेच्या प्रश्नपत्रिका, सहकारी सोसायटीची पावतीपुस्तके आणि लग्नसराईतली छपाई यांवर अशा छापखान्याचा संसार चाले.

या इतिहासातील सर्वांत धीट पान मात्र शोभेच्या कागदावर छापलेले नाही. जोतीराव फुले यांनी २४ सप्टेंबर १८७३ रोजी पुण्यात सत्यशोधक समाजाची स्थापना केली आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला सीताराम जबाजी आल्हाट व राधा यांचा विवाह ब्राह्मण पुरोहितावाचून लागला. पुढे १८८७ साली जोतीरावांनी मंगलाष्टकांसह सर्व पूजाविधींचे पुस्तक प्रसिद्ध केले. त्यातील मंगलाष्टके वधूवरांनी परस्परांना उद्देशून म्हणावयाची आहेत. वधू त्यात आशीर्वाद घेत मुकाट उभी नाही. ती स्त्रियांच्या हक्कांविषयी बोलते आणि वराकडून वचन घेते. पुस्तक मराठीत असल्याने विधी घरच्यांनाच चालवता येई. पुरोहिताची जागा छापील पानाने घेतली.

ही जागा सुखासुखी मिळाली नाही. १८८० च्या दशकात जुन्नर तालुक्यातील ओतूर येथे बाळाजी कुसाजी पाटील यांनी घरचे लग्न ग्रामजोशावाचून लावले, तेव्हा हक्काची दक्षिणा बुडाली म्हणून फिर्याद झाली आणि प्रकरण मुंबईच्या उच्च न्यायालयापर्यंत गेले. न बोलावलेल्या पुरोहितास दक्षिणा मागण्याचा वंशपरंपरागत हक्क नाही, हे मुंबई इलाख्यात कायद्याने ठरण्यास १९२६ साल उजाडावे लागले. ते विधेयक सी. के. बोले यांनी मांडले होते.

आमच्या फाइलीतील मंगलाष्टकांकडे या पार्श्वभूमीवर पाहिले की थोडी निराशा होते. कागद पाहुण्यांच्या हाती आला, भाषा मराठी झाली, आत्या-मावश्या ध्वनिक्षेपकासमोर उभ्या राहून म्हणू लागल्या. पण श्लोकांतील जग जुनेच राहिले. वराचे शिक्षण आणि हुद्दा, वधूचे रूप आणि सुगरणपण, दोन्ही घराण्यांतील आजोबा, वडील, काका. आम्ही रचलेल्या श्लोकांतही याहून निराळे काही नव्हते. फुल्यांनी छापील कागदाकडून जे मागितले, त्यातील सोय आपण घेतली आणि आशय तेवढा मागे ठेवला.

हे आम्हांस एका विद्यार्थिनीमुळे उमगले. २०१६ साली ती आपल्या लग्नाची मंगलाष्टके मागायला आली. वडील तिच्या लहानपणीच वारले होते. आईने शिवणकाम करून तिला वाढवले होते. पत्रिकेवर निमंत्रक म्हणून काकांचे नाव छापून झाले होते. तिला एका श्लोकात आईचे नाव हवे होते. विधवेचे नाव मंगलाष्टकात नको, असे घरच्या वडीलधाऱ्यांचे मत होते, हेही तिने सांगितले. आम्ही तिला म्हणालो, "अगं, ते नाव वृत्तात बसत नाही."

हे खरे नव्हते; आम्ही बसवून पाहिलेच नव्हते. त्या रात्री लाज वाटून कागद पुढे ओढला. मंगलाष्टकांचे नेहमीचे वृत्त शार्दूलविक्रीडित. चरणात एकोणीस अक्षरे, बाराव्यानंतर यती, गण म, स, ज, स, त, त आणि शेवटी एक गुरू. तिच्या आईचे नाव तीन लघू अक्षरांचे. पुढे जोडाक्षर नसेल, तर लागोपाठ तीन लघू या चरणात एकाच ठिकाणी येतात: नववे, दहावे आणि अकरावे अक्षर. जागा एकच होती, पण होती. चौथ्या श्लोकाचा दुसरा चरण आम्ही तिथून मागे-पुढे बांधत नेला. सकाळी ती आली तेव्हा तिने तो दोनदा वाचला आणि कागद घेऊन थेट छापखान्याकडे गेली.

लग्नाच्या दिवशी चौथे मंगलाष्टक तिच्या मैत्रिणीने म्हटले. ते नाव आले तेव्हा मुठीत अक्षता धरलेल्या दोन-चार बायकांनी मागे वळून पाहिले. आई मांडवाच्या खांबाशी, मागच्या रांगेत उभी होती. तिच्याही हातात तो गुलाबी कागद होता. तिने मान वर केली नाही; कागदावरच्या त्या ओळीखाली तिचे बोट होते.

आता ट्रेडल जवळजवळ इतिहासजमा झाले. संगणकावर तासाभरात पत्रिका तयार होते, भ्रमणध्वनीवरून शेकडो घरी पोहोचते, आणि मंगलाष्टकांची ध्वनिमुद्रिका लावली की म्हणणाराचीही गरज उरत नाही. त्याविषयी गळा काढण्याचे कारण नाही; सोयीस्कर ते रूढ होतेच. परंतु ध्वनिमुद्रिकेत नाव घालून मागता येत नाही, आणि पाहुणा पुन्हा केवळ 'सावधान'ची वाट पाहत उभा राहतो.

वाचकांना एक विनंती. घरातील जुन्या ट्रंकेत, लग्नाच्या अल्बमच्या पाठीमागे असा एखादा घडी घातलेला कागद असेल तर टाकू नका. त्यात कुणाकुणाची नावे आहेत ते पाहा. मग कुणाची नाहीत, तेही पाहा.