माळी आणि हिंदूराव

भवानीनगरच्या वसंत व्याख्यानमालेत एका नटावर बोलावयास कामगार चळवळीतला माणूस उभा केला, याचे काही श्रोत्यांना नवल वाटेल. आमची शाळा सातवीत सुटली. नाट्यशास्त्र आम्हास ठाऊक नाही. पण साखर कारखान्याच्या चिमणीखाली राहणाऱ्यांना निळू फुले यांची ओळख उसाच्या वाटेनेच होते, आणि ती वाट आमच्या पायाखालची आहे.

निळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म १९३० सालचा. पुण्यात सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत ते माळी होते. महिन्याच्या ८० रुपयांतले १० ते राष्ट्र सेवा दलाला देत. म्हणजे पगाराचा आठवा हिस्सा! पावतीपुस्तक घेऊन पाळी सुटताना आम्ही फाटकावर उभे राहिलो आहोत. आठवा हिस्सा म्हणजे काय, ते आम्हाला विचारावे. सेवा दलाच्या कलापथकात ते घडले, ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने नावारूपास आले, आणि १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तून पडद्यावर गेले. १९७२ साली तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’मध्ये ते सखाराम झाले. हा सखाराम छापखान्यात पुस्तके बांधणारा कामगार. नाटकावर वादळ उठले, प्रकरण न्यायालयात गेले.

मग १९७५ साली ‘सामना’ आला. जब्बार पटेल यांच्या या चित्रपटातले हिंदूराव धोंडे पाटील म्हणजे साखरसम्राट. तो आम्ही प्रथम पाहिला कामगार वसाहतीच्या गणेशोत्सवात, कापडी पडद्यावर. हिंदूराव रस्त्यावरच्या दारुड्या मास्तरांना वाड्यावर आणतात, खाऊपिऊ घालतात. आवाज चढत नाही; नजर मात्र तिरपी होते. तोवरचे खलनायक गर्जना करीत. ज्याच्या ताब्यात सारा गाव आहे त्याला ओरडण्याचे कारणच काय, हे या माळ्याने ओळखले होते. सत्ता कशी बोलते हे खालून ऐकणाऱ्यालाच नेमके कळते, असे आमचे मत आहे. डॉ. श्रीराम लागूंचे मास्तर मारुती कांबळेचे काय झाले म्हणून विचारू लागले, तेव्हा शेजारचे एक वृद्ध फिटर पुटपुटले, ‘‘अगदी असाच बोलतो हो.’’ कोण, ते त्यांनी सांगितले नाही. आम्हीही विचारले नाही.

पुढे अशा भूमिकांचा इतका रतीब झाला की खेड्यांतल्या बायाबापड्या त्यांना खरोखरीच दुष्ट समजत. त्यांतल्या पुष्कळशा चित्रपटांविषयी न बोललेले बरे. १९७९ सालच्या ‘सिंहासन’मधला पत्रकार दिगू मात्र अवश्य पाहावा. त्यातच डिकास्टा हा कामगार पुढारी आहे. आमच्या धंद्यातल्यांनी तोही एकदा पाहून ठेवावा.

१३ जुलै २००९ रोजी ते गेले. पण एक हिशेब सांगावयाचा राहिला. लागू, बाबा आढाव, नरेंद्र दाभोलकर यांच्यासमवेत त्यांनी सामाजिक कृतज्ञता निधी उभारण्यास हातभार लावला. पूर्णवेळ कार्यकर्त्यांना दरमहा मानधन मिळावे, हा त्याचा हेतू. त्यासाठी मोठमोठ्या नटांनी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग गावोगाव केले, आणि त्यांत निळूभाऊही तोंडाला रंग लावून उभे राहिले.