फाळक्यांच्या घरांतील पहिली संकलक

चित्रपट पाहून परतणारा प्रेक्षक नटाचें नांव सांगतो, नटीचें सांगतो. फार झालें तर दिग्दर्शकाचें. ज्या हातांनीं शेंकडों तुकडे निवडले, कापले, एकापुढें एक जोडले आणि त्यांतून कथा उभी केली, त्या हातांची आठवण त्याला होत नाहीं. तो प्रेक्षक मुंबईच्या नाट्यगृहांत खुर्चीवर बसलेला असो, कीं बीड जिल्ह्यांतील पाटोद्यासारख्या गावीं फिरत्या तंबूंत जमिनीवर. फितीचा सांधा त्याला दिसूं नये, यांतच संकलकाचें कौशल्य आहे. काम जितकें उत्तम, तितका कर्ता अदृश्य. हिंदुस्थानी चित्रपटांत या अदृश्यतेचा आरंभ पहिल्याच चित्रपटापासून झाला, आणि तिची पहिली वांटेकरी सरस्वतीबाई फाळके ही गृहिणी होय.

सरस्वतीबाईंचा विवाह १९०२ सालीं धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांच्याशीं झाला. छायाचित्रण, ब्लॉक बनविणें, छपाई असे एकामागून एक व्यवसाय करणाऱ्या या पुरुषाबरोबर संसार करणें म्हणजे नित्य नव्या साहसाला सामोरें जाणें होतें. १९११ सालीं गिरगांवांत ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून दादासाहेबांना चित्रपटाचा ध्यास लागला. त्या ध्यासापायीं डोळ्यांवर इतका ताण पडला कीं कांहीं काळ दृष्टीच गेली. ती परत आल्यावर १९१२ सालच्या फेब्रुवारींत ते लंडनला गेले, सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ पाहून आले, आणि विल्यमसन कॅमेरा, फितीला भोकें पाडण्याचें यंत्र व कोरी फीत यांची मागणी नोंदवून परतले. या उद्योगांत पत्नीचे दागिनेही गहाण पडले. परंतु सरस्वतीबाईंचा वांटा दागिन्यांपुरताच मानणें हा त्यांच्यावर अन्याय ठरेल.

त्या काळीं कोऱ्या फितीला भोकें पाडलेलीं नसत. तीं घरींच पाडावीं लागत. कामाचा आवांका लक्षांत येण्यासाठीं थोडा हिशेब करून पाहावा. पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फितीच्या एका फुटांत सोळा चित्रें बसतात. प्रत्येक चित्राच्या दोन्ही बाजूंना चार-चार भोकें, म्हणजे फुटाला एकशें अठ्ठावीस. 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटाची लांबी सुमारें ३,७०० फूट होती. त्या हिशेबानें एका प्रतीला पावणेपांच लाखांच्या आसपास भोकें झालीं. आणि मूळ प्रत व पडद्यावर दाखवावयाची प्रत या दोहोंना तीं लागत. यंत्र हातानें चालवावयाचें, तेंही अंधारांत. कारण उजेडाचा एक कवडसा आंत आला तरी सारी फीत वायां जाई. एक भोंक किंचित् चुकलें तर पडद्यावरचें चित्र थरथरे. दादासाहेबांकडून हें काम शिकून सरस्वतीबाईंनीं तें आपल्याकडे घेतलें. रसायनें मिसळणें, फीत धुणें, निवडलेले तुकडे जोडणें हींही कामें ओघानेंच त्यांच्याकडे आलीं.

दिवसा चित्रीकरण चाले. उन्हाचा उजेड नटांच्या चेहऱ्यावर परतविण्यासाठीं पांढऱ्या चादरी धरून उभें राहावयाचें, आणि साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाकही करावयाचा. फितीचें काम रात्रीचें. ३ मे १९१३ रोजीं गिरगांवच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्यें चित्रपट लोकांपुढें आला. कॅमेरा फिरविणारे त्र्यंबक तेलंग यांचें नांव इतिहासांत राहिलें. तारामतीची भूमिका करणारे अण्णा साळुंके प्रसिद्ध पावले. रात्रीच्या कामाला मात्र तेव्हां नांवच नव्हतें.

येथें एक रास्त शंका निघते. तुकडे जोडणें म्हणजे संकलन काय? कोणता प्रसंग कोठें संपवावा हा निर्णय दादासाहेबांचाच असावा. १९१७ च्या सुमारास घेतलेल्या, चित्रपट कसा तयार होतो हें दाखविणाऱ्या लघुपटांत ते स्वतः फीत न्याहाळतांना दिसतात. हें खरें धरलें तरी, त्या काळीं योजना व हातकाम यांच्यांत आजच्यासारखी भिंत नव्हती. देव एकाएकीं प्रकट व्हावयाचा, तर कॅमेरा थांबवून पुन्हां सुरू करावयाचा, आणि मधलीं बिघडलेलीं चित्रें मोजून कापावयाचीं. एखादें चित्र जास्त उरलें तर चमत्कार फसला. तो चमत्कार जितका योजकाचा, तितकाच कापणाऱ्या हाताचा.

परदेशांतही संकलनाचा आरंभ असाच झाला. अमेरिकेंत मार्गारेट बूथ फिती जोडणारी मुलगी म्हणून १९१५ सालीं कामाला लागली; पुढें ती एका बलाढ्य स्टुडिओची मुख्य संकलक झाली आणि १९७८ सालीं तिला सन्मान्य ऑस्कर मिळालें. रशियांत झिगा व्हेर्तोव्ह यांच्या पत्नी येलिझावेता स्विलोवा पतीच्या १९२९ सालच्या चित्रपटांत संकलन करतांना प्रत्यक्ष पडद्यावर दिसतात. फरक एवढाच, कीं त्यांच्या कामाला व्यवसायाचें नांव मिळालें; सरस्वतीबाईंच्या कामाला गृहकृत्याचें.

१९१३ सालींच फाळक्यांचें बिऱ्हाड व कारखाना दोन्ही नाशिकला गेलीं. १९१४ सालीं दादासाहेबांनीं आपले चित्रपट लंडनला नेऊन दाखविले, आणि दादरच्या अंधाऱ्या खोलींत जोडलेले सांधे तेथील यंत्रांतूनही निभावले. मग महायुद्ध आलें, पैशाची ओढ आली. १९१८ सालीं भागीदारांच्या भांडवलावर हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली. घरगुती कारखान्याचा काळ संपला. १६ फेब्रुवारी १९४४ रोजीं दादासाहेब नाशिकला निवर्तले, आणि १९६९ पासून त्यांच्या नांवें चित्रपटसृष्टीचा सर्वोच्च सन्मान दिला जाऊं लागला.

'राजा हरिश्चंद्रा'चा थोडाच भाग आज शिल्लक आहे, आणि तोही १९१७ सालच्या दुसऱ्या आवृत्तीचा असावा असें कांहीं अभ्यासक मानतात. म्हणजे दादरला पावणेपांच लाख भोकें पाडलेली ती पहिली फीत बहुधा कायमची गेली. अलीकडच्या लेखनांत मात्र सरस्वतीबाईंचा उल्लेख हिंदुस्थानांतील पहिली संकलक असा होऊं लागला आहे. हें नांव त्यांना उशिरा मिळालें. पण तें उपकार म्हणून दिलेलें नाहीं. तें त्यांच्या जागरणांचें मोल आहे.