यंत्रायंत्रावरचा पहारेकरी

संगणकांच्या रखवालीचा इतिहास पाहताना पहाऱ्याचा हुकूम कोणी द्यायचा, हा प्रश्न वारंवार पुढे येतो. १९७१ साली अमेरिकेतील आर्पानेट या जाळ्यात ‘क्रीपर’ नावाचा प्रोग्रॅम एका यंत्रातून दुसऱ्यात हिंडू लागला. त्याला हुडकून पुसण्यासाठी ‘रीपर’ हा दुसरा प्रोग्रॅम रचण्यात आला. १९८६ मध्ये लाहोरात तयार झालेला ‘ब्रेन’ हा व्हायरस फ्लॉपीवरून पसरला. त्या काळी उताराही बहुधा फ्लॉपीवरूनच, एकेका यंत्राला द्यावा लागे.

कचेऱ्यांतून हजारो यंत्रे आली, तशी ही रीत अपुरी पडली. मग प्रत्येक यंत्रावर एक पहारेकरी प्रोग्रॅम बसविण्यात आला. यालाच एजंट म्हणतात. कोणता प्रोग्रॅम सुरू झाला, कोणती फाइल बदलली, हे तो मध्यवर्ती ठाण्याला कळवितो आणि तेथून आलेले नियम अमलात आणतो. एखादे यंत्र बाधित दिसले, तर ठाण्यातील माणूस जागचा न हलता त्याला जाळ्यापासून अलग करू शकतो. एका ठिकाणी सापडलेल्या चोराची खूण सर्व नाक्यांवर लगेच पोहोचते. या सोयीचे मोल थोडे नाही.

मात्र असे अनेक पहारेकरी यंत्राच्या अगदी गाभ्यात बसविलेले असतात. त्यातील धोका १९ जुलै २०२४ रोजी जगाला दिसला. क्राउडस्ट्राइक या अमेरिकन कंपनीने आपल्या एजंटांना एक सदोष फाइल धाडली. ती ७८ मिनिटांत मागे घेतली. परंतु मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाप्रमाणे सुमारे ८५ लाख विंडोज यंत्रांना तिचा फटका बसला. हैदराबादच्या विमानतळावर प्रवाशांना हाताने लिहिलेले बोर्डिंग पास मिळाले. बंद पडलेल्या यंत्राला ठाण्याचा हुकूम ऐकू येत नाही. त्यामुळे ठिकठिकाणी नोकरमाणसांना एकेका यंत्रापाशी बसून ती फाइल काढावी लागली.

पुढे कंपनीने असे बदल टप्प्याटप्प्याने पाठविण्याचे, व ते केव्हा घ्यायचे यात ग्राहकाला अधिक अधिकार देण्याचे जाहीर केले. चोर दारात असता थांबणे परवडत नाही, हे खरे. तथापि संघटनेत काम करणाऱ्यास ठाऊक असते की, मध्यवर्ती समितीचा आदेश कितीही सद्‌हेतूचा असला, तरी चुकल्यास त्याचे ओझे खात्यातल्या माणसावर पडते. म्हणून कोणता हुकूम तत्काळ पाळायचा आणि कोणता आधी चार यंत्रांवर पारखायचा, हे ठरविताना त्या माणसालाही विचारले पाहिजे.