गोंगाटातलं गाणं: झल्लाकपासून जात्यापर्यंत

बहरीनमध्ये राहत असाल, तर झल्लाक तुम्हाला किनाऱ्यामुळे माहीत असेल. या छोट्या गावाजवळच साखीर आहे. तिथे २००४ पासून फॉर्म्युला वनच्या गाड्या धावतात आणि २०२१ पासून जवळच्याच अल दाना या खुल्या रंगमंचावर मैफली होतात. इंजिनांचा कल्लोळ आणि संगीत शेजारी शेजारी! विचित्र वाटतं ना? पण या बेटावर ही जोडी जुनीच आहे.

१९३२ मध्ये तेल लागलं. त्याआधी बहरीन जगायचं ते मोत्यांवर, आणि त्यांची मोठी बाजारपेठ होती आपली मुंबई. उन्हाळ्याचे चारेक महिने जहाजं समुद्रात असायची. शीड चढवणं, नांगर ओढणं, वल्ही मारणं ही सगळी एका दमात, एका तालात करायची कामं. त्यासाठी जहाजावर खास गायक असे, 'नह्हाम'. तो गायचा आणि खलाशी खर्जात घुमणारा सूर धरायचे. तिथे गाणं ही करमणूक नव्हती, दोरखंडासारखंच कामाचं साधन होतं.

जहाजाचा प्रमुख 'नाखुदा', म्हणजे आपल्या कोकणातला नाखवाच. शब्द फारसीतून दोन्हीकडे आला. पाणबुडे बहुतेक त्याच्या कर्जात बुडालेले. त्यामुळे या गाण्यांत विरह आणि कष्ट भरून आहेत.

पुढे जपानचे संवर्धित मोती, जागतिक मंदी आणि तेल यांनी हा धंदा संपवला. गाणं मात्र उरलं. त्याला 'फिजरी' म्हणतात. मुहर्रकमध्ये गोल बसून ढोलक्यांच्या आणि मातीच्या घड्याच्या तालावर ती आजही गातात. २०२१ मध्ये युनेस्कोने तिला वारसा यादीत घेतलं.

आता आपलं जातं आठवा. त्याच्या घरघरीवरच बायकांनी ओवी रचली. विजेची गिरणी आली आणि ओवीचं रोजचं काम गेलं. हेमा राइरकर आणि गी पॉइटवँ यांनी गावोगावी फिरून लाखाहून जास्त ओव्या जमवल्या, म्हणून त्या आज ऐकता येतात.

पहाटेचं दळण किंवा सावकारी कर्ज परत यावं असं कोणीच म्हणणार नाही. पण नुसता सूर जपला आणि त्यामागचे कष्ट विसरलो, तर गाणाऱ्यांची तक्रारच पुसली जाते. म्हणून आजीला पुढच्या वेळी फोन कराल, तेव्हा 'कुठलं गाणं म्हणायचीस?' एवढंच नका विचारू. 'काय काम करताना म्हणायचीस?' हेही विचारा.