सामायिक विहीर आणि संगणकाची खिडकी

इतिहास म्हटला की आपण गड, लढाया आणि तह यांच्याकडे वळतो. आजच्या भागात जरा वेगळा इतिहास पाहू. संगणकाच्या पडद्यावरची बटणे, मेनू आणि याद्या कोण काढतो? उत्तर आहे डायनॅमिक लिंक लायब्ररी, म्हणजेच डीएलएल नावाच्या सामायिक फायली.

डॉसच्या काळात प्रत्येक प्रोग्रॅम आपला मेनू आपणच काढायचा. नोव्हेंबर १९८५ मध्ये मायक्रोसॉफ्टचे विंडोज १.० आले. त्याला किमान २५६ किलोबाइट मेमरी लागे. एवढ्याशा जागेत प्रत्येकाने बटण काढायचे स्वतंत्र यंत्र बाळगणे परवडणारे नव्हते. म्हणून खिडक्या, मेनू आणि बटणे ‘यूझर’ या सामायिक भागाकडे दिली, तर रेषा आणि अक्षरे ‘जीडीआय’कडे. मेमरीत एकच प्रत, वापरणारे अनेक. वाड्यातली सामायिक विहीरच म्हणा ना!

विहीर सामायिक झाली, पण राखण कोणाची? इथेच घोळ झाला. नवा प्रोग्रॅम बसवताना तो आपल्यासोबत सामायिक फाइलची स्वतःची प्रत आणायचा आणि विंडोजच्या फोल्डरात टाकायचा. आधीची प्रत नवी आहे की जुनी, हे तपासायचा नियम होता. सगळे तो पाळत नसत. मग नव्या फाइलवर जुनी बसायची आणि काल चालणारा दुसराच प्रोग्रॅम आज बंद पडायचा. बरे, नवी फाइल आली तरी सुटका नाही. जुन्या वागण्यावर विसंबलेले प्रोग्रॅम तिच्यामुळेही अडखळत. बारभाईंचा कारभार! जाणकारांनी याला नाव दिले ‘डीएलएल हेल’, डीएलएलचा नरक.

उत्तम उदाहरण ‘कॉमसीटीएल ३२’ या फाइलचे. १९९५ च्या विंडोजमधली फोल्डरांची झाडासारखी उघडणारी यादी, टूलबार आणि काम किती झाले ते दाखवणारी पट्टी तिच्यातूनच येई. पुढे इंटरनेट एक्सप्लोररच्या नव्या आवृत्त्यांसोबत तिची नवी रूपे आली. म्हणजे बसवला ब्राउझर, आणि बदलली सगळ्यांची बटणे.

कोठार सामायिक असले तरी ताबा एकाकडेच लागतो, हे कुठलाही क्वार्टरमास्टर सांगेल. २००० साली आलेल्या विंडोज २००० ने तेच केले: महत्त्वाची सिस्टीम फाइल कोणी बदललीच तर विंडोज मूळ प्रत परत जागेवर ठेवू लागले. २००१ च्या विंडोज एक्सपीने पुढचे पाऊल टाकले. ‘कॉमसीटीएल ३२’ची जुनी आणि नवी आवृत्ती शेजारी शेजारी नांदू लागली. कोणती हवी ते प्रोग्रॅमने ‘मॅनिफेस्ट’ नावाच्या चिठ्ठीत सांगायचे. चिठ्ठी नसेल तर जुनी मिळे. म्हणून एक्सपीवर कित्येक प्रोग्रॅमची चौकट नव्या थाटाची, पण आतली बटणे जुन्या वळणाची दिसत.

यात आपल्या मराठीचे काय? फार मोठे. पूर्वी मराठीचे जवळजवळ प्रत्येक सॉफ्टवेअर आपला फॉन्ट आणि आपले संकेत घेऊन येई. एकात लिहिलेले पत्र दुसऱ्या संगणकावर उघडले की अगम्य चिन्हे. विंडोज २००० मध्ये ‘युनिस्क्राइब’ या सामायिक लायब्ररीने देवनागरीचा भार उचलला. ‘कि’मधली वेलांटी टंकताना ‘क’नंतर येते, पण दिसायला हवी आधी; क् आणि ष मिळून क्ष व्हायला हवा. हे ज्ञान एका जागी आले, आणि नोटपॅडसारख्या साध्या प्रोग्रॅमलाही मराठी फुकटात मिळाली. इंदूरला लिहिलेले पत्र बेळगावात तसेच वाचता येऊ लागले. उलट, सामायिक सोय टाळून स्वतःच अक्षरे काढणाऱ्या प्रोग्रॅममध्ये जोडाक्षरे आजही तुटलेली दिसतात.

आता मेमरी स्वस्त झाली आहे. अनेक प्रोग्रॅम अख्खा ब्राउझरच पोटात घेऊन येतात. घरटी बोअरवेल झाली म्हणायची. भांडण मिटले, पण सुरक्षेची एक फट बुजवायची तर प्रत्येक प्रोग्रॅम वेगळा दुरुस्त करावा लागतो.

म्हणून या इतिहासाचा धडा ‘वाटून घेऊ नका’ असा नाही. वाटून घ्या, पण राखणदार आधी ठरवा. जय हिंद!